आर्बिट्रेशन दिल्लीत, अडकलेले सव्वीस लाख नाशिकात

पत्र थोडक्यात असं आहे:

नाशिकच्या अंबड एमआयडीसीतल्या एका छोट्या युनिटमधून एका ताईंनी लिहिलंय. इलेक्ट्रिकल पॅनेलचे एन्क्लोजर, म्हणजे बाहेरच्या पेट्या, बनवतात, कटिंगपासून पावडर कोटिंगपर्यंत सगळं आतच. धंदा सासऱ्यांच्या नावावर, प्रोप्रायटरशिप, आणि बिलं-जीएसटी-बँक हे ताई बघतात. २०२३ च्या जुलैमध्ये गुरुग्रामच्या एका ईपीसी (प्रकल्प उभारून देणाऱ्या) कंपनीची ऑर्डर मिळाली, सप्टेंबर ते डिसेंबर पाच लॉटमध्ये ३८ लाख ४० हजारांचा माल गेला, १२ लाख आले, २६ लाख ४० हजार अजून अडकलेत. आधी "पुढच्या महिन्यात बघू", मग "आमच्या क्लायंटनेच दिले नाहीत", आणि शेवटचा लॉट पोचून आठ महिने झाल्यावर अचानक "कोटिंग निकृष्ट आहे" असा मेल. पीओच्या, म्हणजे परचेस ऑर्डरच्या, मागच्या पानावर लिहिलंय की वाद झाला तर कंपनीचे एमडी नेमतील तो एकच आर्बिट्रेटर (कोर्टाबाहेर वाद ऐकून निकाल देणारा लवाद), जागा नवी दिल्ली, आणि पेमेंट क्लायंटकडून पैसे आल्यावर ९० दिवसांनी. ओळखीचे वकील म्हणाले की सही केलीये म्हणजे कोर्ट बंद, दिल्लीला जायचं तर आठ-दहा लाखांची तयारी ठेवा. सासरे म्हणतात, आपण आयुष्यभर शब्दावर धंदा केला, नोटिसा पाठवणं आपल्यात बसत नाही. त्यात आता कंपनीने फोनवर १६ लाखांत 'फुल अँड फायनल' करायची ऑफर दिलीये, वर नवी ऑर्डरही देतो म्हणतात. ताई विचारतात, १६ घेऊन मोकळं व्हावं का?

ताई, नमस्कार.

तुमचं पत्र लांबलचक आहे आणि जवळजवळ सगळं त्या आर्बिट्रेशनच्या क्लॉजबद्दल आहे, पण मला त्यातली सगळ्यात महत्त्वाची ओळ शेवटून तिसरी वाटली. तुम्ही जाता जाता लिहिलंय, "एप्रिल २०२४ मध्ये त्यांच्या अकाउंट्सने ३१ मार्चचा बॅलन्स कन्फर्म करून सही-शिक्क्यासह पाठवला होता, तो फाईलला आहे." अहो, तो कागद आधी स्कॅन करा, दोन ठिकाणी ठेवा आणि ओरिजिनल घरच्या कपाटात टाका, युनिटवरच्या फाईलला नको. त्या एका पानावर तुमची अर्धी केस उभी आहे आणि ती कशी ते आधी सांगतो, क्लॉजकडे नंतर येऊ.

पैशाच्या वसुलीला आपल्याकडे मुदतीचा कायदा आहे, साधारण तीन वर्षं, पैसे द्यायची तारीख उलटली की मोजायला सुरुवात. आर्बिट्रेशन असलं तरी हीच मुदत लागते, ते वेगळं असतं असा बऱ्याच लोकांचा गैरसमज आहे. तुमच्या पहिल्या लॉटची तारीख सप्टेंबर २०२३, म्हणजे कच्च्या हिशोबाने यंदाच्या, २०२६ च्या दसरा-दिवाळीपासून एकेक बिल मुदतीबाहेर जायला लागलं असतं. आलेले १२ लाख सगळ्यात जुन्या बिलांत वळते धरले जातात, म्हणून प्रत्यक्षात थोडी उसंत आहे, पण थोडीच. आणि इथे ते बॅलन्स कन्फर्मेशन कामाला येतं. देणेकऱ्याने मुदत संपायच्या आत लेखी सही करून देणं कबूल केलं तर मुदत कायद्याच्या कलम १८ प्रमाणे त्या तारखेपासून नव्याने तीन वर्षं सुरू होतात. म्हणजे तुम्हाला एप्रिल २०२७ पर्यंत म्हणता येईल. म्हणता येईल असं मुद्दाम लिहितोय, कारण समोरचा वकील सही कोणाची, अधिकार होता का, असले फाटे फोडणारच, तेव्हा दिवाळीच्या आतच हालचाल करा, एप्रिल २०२७ ही शेवटची फळी समजा.

"बोलणी चालू आहेत" हे वाक्य तुमच्या पत्रात चार-पाचदा आलंय. फोनवरच्या बोलण्याने मुदत थांबत नाही. परचेस मॅनेजर गोड बोलतो, घोंगडं भिजत ठेवतो, दिवाळीला मिठाईचा डबाही पाठवत असेल, आणि इकडे मुदत मात्र संपत चाललेली असते. सगळेच मुद्दाम करतात असं नाही, पण फायदा कोणाचा होतो ते बघा ना.

आता क्लॉज. तुमचे वकील अर्धे बरोबर आहेत. आर्बिट्रेशनचा करार लेखी आहे, सही आहे, म्हणजे तुम्ही नाशिकच्या कोर्टात दावा लावलात तर कंपनी १९९६ च्या आर्बिट्रेशन कायद्याच्या कलम ८ खाली अर्ज करेल आणि कोर्ट तुम्हाला आर्बिट्रेशनकडे पाठवेल. इथवर खरं. पण "एमडी नेमतील तो आर्बिट्रेटर" हा जो भाग आहे ना, ज्याला तुम्ही आणि तुमचे सासरे सगळ्यात जास्त घाबरलाय, तो आज टिकत नाही. सुप्रीम कोर्टाने २०१७ मध्ये सांगितलं की वादात ज्याचा हितसंबंध आहे असा एमडी स्वतः आर्बिट्रेटर होऊ शकत नाही आणि दुसऱ्याला नेमूही शकत नाही, २०१९ मध्ये पर्किन्स ईस्टमनच्या केसमध्ये आणखी स्पष्ट केलं की एकाच बाजूने एकटा आर्बिट्रेटर नेमायचा हक्क चालणार नाही, आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. पाचशे रुपयांच्या स्टॅम्पवर असो की पीओच्या मागे राखाडी शाईत छापलेलं असो, फरक पडत नाही. गंमत म्हणजे कंपन्यांनी अजून छापील नमुने बदललेले नाहीत, कारण मागचं पान कोणी वाचतच नाही आणि वाचलंच तर तुमच्यासारखं घाबरून गप्प बसतं.

फक्त एक सांभाळा. वाद झाल्यानंतर तुम्ही लेखी कबूल केलंत की "हो, तुमचा माणूस चालेल", तर ही हरकत गेली. त्यामुळे कंपनीकडून "आम्ही अमुक यांची नेमणूक करत आहोत, आपली हरकत नसल्याचं कळवावं" असं काही आलं तर त्यावर ओके, नोटेड, थँक्स यातलं काहीही टाईप करू नका. व्हॉट्सॲपवर अंगठाही नको.

मग त्या क्लॉजमधून उरतं काय? आर्बिट्रेशन उरतं आणि दिल्ली उरते. तुम्ही कलम २१ खाली नोटीस द्यायची, दोन-तीन निवृत्त न्यायाधीशांची नावं सुचवायची, ३० दिवसांत एकमत झालं नाही तर हायकोर्टात कलम ११ चा अर्ज, आणि जागा दिल्ली लिहिलीये म्हणून तो दिल्ली हायकोर्टात. खर्चाचं म्हणाल तर आठ-दहा लाख हा आकडा मला फुगवलेला वाटतो. कायद्याच्या चौथ्या परिशिष्टात फीचा नमुना आहे, २० लाख ते १ कोटीच्या वादाला ९७,५०० अधिक २० लाखांवरच्या रकमेचे ३ टक्के, तुमच्या २६ लाख ४० हजारांना ते १,१६,७०० होतात, आर्बिट्रेटर एकटाच असेल तर २५ टक्के वर, म्हणजे साधारण १ लाख ४६ हजार, आणि तेही दोन्ही बाजूंत वाटून. हा आकडा सगळीकडे बंधनकारक नाही, वकिलाची फी वेगळी, व्याज धरलं की वादाची रक्कम वाढते आणि फीही वाढते, पण सुनावण्या आता बऱ्याच ऑनलाईन होतात, दर तारखेला राजधानी एक्सप्रेस पकडायची गरज राहिलेली नाही. तर हा रस्ता अशक्य नाही. तरी मी तुम्हाला हा रस्ता पहिला सुचवणार नाही.

कारण तुमच्याकडे दुसरा आहे आणि तो नाशिकमधून जातो. तुमची लघुउद्योग म्हणून सरकारी नोंदणी आहे, उद्योग आधार २०१७ चं आणि उद्यम २०२१ चं, म्हणजे पीओच्या आधीचं. मायक्रो किंवा स्मॉल कॅटेगरीतल्या पुरवठादारासाठी २००६ चा एमएसएमईडी कायदा आहे. तो काय म्हणतो ते तुमच्या पीओशेजारी ठेवून वाचा. पीओ म्हणतो क्लायंटने दिल्यावर ९० दिवसांनी. कायदा म्हणतो, करारात काहीही लिहा, माल स्वीकारल्यापासून ४५ दिवसांच्या पुढे जाता येणार नाही. त्यांच्या क्लायंटने त्यांना दिले की नाही हा त्यांचा प्रश्न. उशीर झाला तर व्याज रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ. २०२३-२४ मध्ये बँक रेट ६.७५ होता, तिप्पट करा, २०.२५ टक्के. पुढे दर उतरले तेव्हा हेही उतरलं, तरी आजवरचं व्याज काढलंत तर ते मुद्दलाच्या निम्म्याच्या आसपास जातं. तुम्ही पत्रात "व्याज तर सोडूनच दिलंय" असं लिहिलंय. कोणी सांगितलं सोडायला?

आणि याच एमएसएमईडी कायद्याच्या कलम १८ प्रमाणे या वादासाठी फॅसिलिटेशन कौन्सिल आहे, जी पुरवठादार जिथला तिथली असते, खरेदीदार देशात कुठेही असो. आधी समेटाचा प्रयत्न होतो, नाही जमलं तर कौन्सिल स्वतः आर्बिट्रेशन करते किंवा एखाद्या संस्थेकडे सोपवते. आता तुम्ही विचाराल, मग माझ्या सहीच्या त्या दिल्लीच्या क्लॉजचं काय? हाच प्रश्न गुजरातच्या एका सरकारी महामंडळाच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टापुढे गेला आणि ऑक्टोबर २०२२ मध्ये उत्तर आलं की हा कायदा खाजगी आर्बिट्रेशन करारावर मात करतो. त्यांनी उद्या आधीच दिल्लीत काही सुरू केलं तरी तुमची कौन्सिलची वाट बंद होत नाही. अर्ज ऑनलाईन होतो, चौकशीला जिल्हा उद्योग केंद्रात जा, तिथे सकाळी गेलात तर माणूस भेटतो.

आता दुसरी बाजूही सांगतो, नाहीतर तुम्ही उद्या मलाच शिव्या द्याल. कायद्यात ९० दिवसांत निकाल लिहिलाय, तो कागदावर. कौन्सिलच्या बैठका नियमित होत नाहीत, अधिकारी बदलतात, नोटीस परत येते, पत्ता चुकीचा निघतो. कधी कधी कौन्सिल समेटाची पायरी नीट न करता घाईत अवॉर्ड, म्हणजे निकाल, देते आणि मग तो कोर्टात उडतो, त्यामुळे समेटाची तारीख झाली, काय बोलणं झालं, फसलं, हे रोजनाम्यात लिहून घ्यायचा आग्रह तुम्हीच धरा. कंपनी उलट दावाही लावू शकते, त्याला तिथे मुभा आहे. पण एक गोष्ट अशी आहे की जी दिल्लीच्या आर्बिट्रेशनमध्ये मिळणार नाही. कौन्सिलच्या निकालाला आव्हान द्यायचं तर कलम १९ प्रमाणे कंपनीला आधी ७५ टक्के रक्कम कोर्टात भरावी लागते. साध्या आर्बिट्रेशनमध्ये कलम ३४ च्या अर्जासोबत अशी सक्ती नाही, स्टे मागितला तर कोर्ट साधारणपणे रक्कम भरायला लावतं पण ते कोर्टाच्या मर्जीवर. अवॉर्ड हातात आला म्हणजे पैसे आले असं नसतं हो. दिल्ली मेट्रोच्या एअरपोर्ट लाईनच्या वादात २०१७ ला मेट्रोविरुद्ध भांडणाऱ्या खाजगी कंपनीच्या बाजूने अवॉर्ड झाला, २०२१ ला सुप्रीम कोर्टाने कायम केला आणि एप्रिल २०२४ ला त्याच कोर्टाने क्युरेटिव्ह पिटिशनमध्ये (अगदी शेवटच्या फेरविचार अर्जात) तो उडवला. ते हजारो कोटींचं प्रकरण, आपलं तसं नाही, पण ७५ टक्क्यांची किंमत यावरून कळते. मोठ्या कंपनीच्या फायनान्सवाल्याला ती बरोब्बर कळते.

कोटिंगच्या तक्रारीकडे येतो. तुम्ही लिहिलंय की "एखाद-दुसऱ्या डोअरला कोटिंग कमी पडलंही असेल, शपथेवर कसं सांगू?" हा प्रामाणिकपणा चांगला आहे पण तो कंपनीला पाठवायच्या मेलमध्ये नको. एमएसएमईडी कायद्यात माल पोचल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत आली नाही तर माल पोचला तो दिवसच स्वीकारल्याचा दिवस. मालविक्रीच्या जुन्या कायद्यातही, रास्त वेळात नाकारल्याचं कळवलं नाही आणि माल ठेवून घेतला तर तो स्वीकारला असंच धरतात. इथे तर माल ठेवून घेतला, साईटवर बसवला, आणि त्यांच्याच साईट इंजिनिअरने जानेवारीत पॅनेल चार्ज झाल्याचे (वीज जोडून सुरू झाल्याचे) फोटो पाठवून वर "मस्त काम" लिहिलं. त्यानंतर एप्रिलमध्ये बॅलन्स कन्फर्म केला, त्यात कोटिंगचा क नाही. तक्रार कधी आली? तुम्ही ऑगस्टमध्ये जरा कडक मेल टाकलात त्यानंतर चौथ्या दिवशी. या तारखा एका पानावर एकाखाली एक लिहा, बाकी काही बोलायची गरज पडणार नाही.

ते फोटो ज्या फोनवर आहेत तो फोन विकू नका, फॉरमॅट करू नका, एक्स्चेंज ऑफरमध्ये तर बिलकुल देऊ नका. चॅट एक्स्पोर्ट करून ठेवा. आर्बिट्रेशनमध्ये पुराव्याच्या कायद्याचे काटेकोर नियम लागत नाहीत, पण पुढे कोर्टात जायची वेळ आली तर इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत सर्टिफिकेट लागतं आणि तेव्हा मूळ फोन असलेला बरा. डिलिव्हरी चलनांवर त्यांच्या गेटचा इनवर्ड शिक्का आहे का ते पाचही लॉटचं तपासा. एखाद्यावर नसेल तर ट्रान्सपोर्टरची एलआर (मालाची पावती) आणि ई-वे बिल जोडा.

आता तो १६ लाखांचा प्रश्न. मी तुमच्या जागी असतो तर व्याजावर बोललो असतो, मुद्दलावर नाही. १६ लाख घेणं म्हणजे १० लाख ४० हजारांवर पाणी सोडणं, आणि तुमच्या धंद्यातलं मार्जिन बघता या ऑर्डरमध्ये पदरचे घालून दिल्यासारखं होईल. जीएसटी तर तुम्ही पूर्ण बिलावर केव्हाच भरलाय. पण समजा वर्किंग कॅपिटलची ओढ आहे, बँकेची कॅश क्रेडिट लिमिट गळ्यापर्यंत आलीये, पत्र्याचा सप्लायर दारात उभा आहे, तर कमी रकमेवर तडजोड करणं चूक नाही, तो धंद्याचा निर्णय आहे आणि तो तुम्हीच घ्यायचा. फक्त दोन गोष्टी. पैसे खात्यात जमा होईपर्यंत 'फुल अँड फायनल' किंवा नो ड्यूजवर सही नाही, "आधी सही करा, ऑडिट झालं की रिलीज करतो" हे ऐकूनच घेऊ नका, कारण एकदा ती सही गेली की नंतर "दबावाखाली केली" हे सिद्ध करणं तुमच्या डोक्यावर येतं. आणि हप्ते देणार असतील तर लिहून घ्या की एक जरी हप्ता चुकला तरी पूर्ण मूळ रक्कम व्याजासकट देय. माझा अंदाज विचाराल तर, न बोलता १६ देणारा कौन्सिलची नोटीस गेल्यावर २२-२४ वर येतो. बहुतेक वेळा येतो.

इथे मला तुमच्या सासऱ्यांशी दोन शब्द बोलायचेत, त्यांना हे वाचून दाखवा.

काका, तुम्ही शब्दावर धंदा केलात आणि आपला कायदाही शब्दाला मानतो, १८७२ चा कॉन्ट्रॅक्ट ॲक्ट तोंडी करारही करारच धरतो. पण शब्द दोन्ही बाजूंनी पाळायचा असतो ना? तुम्ही पाचही लॉट वेळेत दिलेत, डिसेंबरचा तर रात्रपाळी लावून. समोरच्याने ४५ दिवस काय, दोन वर्षं उलटली तरी दिले नाहीत. नाव खराब होईल म्हणता, कोणासमोर? गुरुग्रामच्या त्या ऑफिसात तुम्हाला ओळखणारा परचेस मॅनेजर होता तो नोकरी सोडून गेला असं सूनबाईंनीच लिहिलंय. अंबडमध्ये मात्र तुमचा पत्रेवाला, तुमची पावडरवाली कंपनी, तुमचे कामगार, यांचे पैसे तुमच्यामुळे थकले तर नाव तिथे खराब होतं. आणि एक व्यवहाराची गोष्ट, प्रोप्रायटर तुम्ही आहात. नोटीस असो की कौन्सिलचा अर्ज, तुमच्या सहीने जाणार. तुम्हाला धावपळ नको असेल तर सूनबाईंच्या नावे मुखत्यारपत्र करून द्या, पण त्या मुखत्यारपत्रावर सही तुमचीच लागेल.

ताई, नोटिशीचं इतकं दडपण घेऊ नका. पहिलं पत्र वकिलाचं असायलाही हवं असं नाही. तुमच्या लेटरहेडवर, साधं, न चिडता. फक्त ते परचेसला पाठवू नका, परचेसच्या हातात पैसे सोडणं नसतंच. फायनान्स हेडला पाठवा, कॉपी कंपनी सेक्रेटरीला, रजिस्टर्ड ऑफिसच्या पत्त्यावर स्पीड पोस्टने आणि मेलनेही. पत्ता कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या (एमसीए) साईटवर मिळतो, शंभर रुपये भरले की त्यांचा ताळेबंदही बघता येतो, त्यात लहान उद्योगांचं थकलेलं देणं किती दाखवलंय ते जरूर बघा. शून्य दाखवलं असेल तर तुमच्या पत्रात तेवढंच एक वाक्य घाला.

पत्रात काय? बिल नंबर आणि तारखा, बॅलन्स कन्फर्मेशनची तारीख आणि आकडा, उद्यम नंबर, एमएसएमईडी कायद्याच्या कलम १५ आणि १६ प्रमाणे मुद्दल आणि आजपर्यंतचं व्याज, १५ दिवसांत दिलं नाही तर कलम १८ खाली कौन्सिलकडे जाणार. आणि मग फायनान्सवाल्याला झोंबणाऱ्या दोन-तीन ओळी. एक, जीएसटीत पुरवठादाराला १८० दिवसांत पैसे दिले नाहीत तर घेतलेलं इनपुट क्रेडिट (खरेदीवरच्या कराची वजावट) व्याजासह परत करावं लागतं, तुम्ही केलंय का? दोन, २०२३-२४ पासून आयकराच्या ४३बी(एच) प्रमाणे मायक्रो-स्मॉल पुरवठादाराचे मुदतीत न दिलेले पैसे त्या वर्षीचा खर्च म्हणून वजा मिळत नाहीत, तुमच्या ऑडिटरने आमचं बिल कुठे दाखवलं? तीन, अशा थकबाकीसाठी कंपन्यांना दर सहा महिन्यांनी एमएसएमई-१ फॉर्म भरावा लागतो, त्यात आमचं नाव आहे का? धमकी नको, फक्त प्रश्न. एप्रिल २०२४ मध्ये ते बॅलन्स कन्फर्मेशन त्यांनी आपणहून का पाठवलं असेल असं वाटतं तुम्हाला? ऑडिटरने मागितलं म्हणून.

कोणीतरी तुम्हाला एनसीएलटीची (कंपनीच्या दिवाळखोरीच्या न्यायाधिकरणाची) नोटीस द्या म्हणून सांगितलंय, ते सोडा, २०२० पासून तिथे किमान थकबाकी १ कोटी लागते. पोलिसात ४२० ची तक्रार हाही सल्ला येईल, येतोच. पैशाच्या वादाला फौजदारी रंग देण्यावरून सुप्रीम कोर्टाने कितीदा फटकारलंय, आणि उद्या तडजोडीच्या टेबलावर बसायचं असेल तर ते टेबलच उलटतं.

हे वाचणाऱ्या इतरांसाठी थोडं, कारण प्रत्येकाची परिस्थिती ताईंसारखी नसते. तुमचं उद्यम माल दिल्यानंतरचं असेल तर मागच्या पुरवठ्याला या कायद्याचा फायदा नाही असं सुप्रीम कोर्टाने २०२१ आणि २०२२ मध्ये म्हटलंय, जानेवारी २०२५ मध्ये दोन न्यायमूर्तींनी त्यावर शंका घेऊन प्रश्न मोठ्या पीठाकडे पाठवला, पण त्या आशेवर बसू नका, आज रजिस्ट्रेशन नसेल तर आज करा, फुकट आहे. मीडियम कॅटेगरीत गेलेल्यांना ४५ दिवस आणि कौन्सिल हे संरक्षण नाही. नुसती ट्रेडिंग करणाऱ्यांना उद्यम मिळतं पण ते बँकेच्या प्राधान्य कर्जापुरतं. आणि माल देणं अधिक साईटवर उभारणी असं एकत्र वर्क्स कॉन्ट्रॅक्ट असेल तर आपल्या मुंबई हायकोर्टानेच कौन्सिलला नाही म्हटलेलं आहे, तिथे मग आर्बिट्रेशनचाच रस्ता आणि वर सांगितलेली कलम २१ ची नोटीस. क्लॉजच नसेल तर कमर्शियल कोर्ट, ३ लाखांच्या वरचा व्यावसायिक वाद असेल तर, पण तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा नसेल तर दाव्याआधी मध्यस्थीची पायरी करावीच लागते, ती टाळली तर दावा फेटाळला जातो.

राहिली नवी ऑर्डर. त्यांना तुमचा माल हवाय, म्हणजे कोटिंग तितकं वाईट नसावं, हे त्यांच्या तोंडूनच आलंय, तसा मेल आला तर तो जपून ठेवा. ऑर्डर घ्यायला माझी ना नाही. पण यावेळी पीओ आला की मागचं पान आधी वाचा आणि "स्वीकारलं" हा शिक्का मारण्याआधी मेल करा की खालील बदलांसह मान्य: पेमेंट माल पोचल्यापासून ४५ दिवस, क्लायंटशी संबंध नाही, हरकत १५ दिवसांत लेखी, आर्बिट्रेटर दोघांच्या संमतीने किंवा मुंबईच्या एखाद्या आर्बिट्रेशन संस्थेकडून, जागा नाशिक. नाशिकला नाही म्हटले तर मुंबईवर तुटू द्या. ५० टक्के ॲडव्हान्स मागा, ३० वर या. प्रत्येक बिलावर उद्यम नंबर छापा. जुन्याचे पैसे आणि नवीन ऑर्डर हे दोन विषय त्यांना एकत्र करायचेत, तुम्ही वेगळे ठेवा, जुन्याचं पत्र जाऊ दे आणि नव्याचं कोटेशनही जाऊ दे, दोन वेगळ्या मेलने, दोन वेगळ्या माणसांना. आणि ॲडव्हान्स खात्यात दिसल्याशिवाय पत्रा कापायला घेऊ नका.